पोलीस भरतीत निवड झाली, पण चारित्र्य पडताळणीत अपात्र ठरवलं. मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जाऊन उपयोग होतो का?

तुम्ही लिहिलंय की शिपाई भरतीच्या निवड यादीत नाव आलं, पण बांधावरच्या भांडणातल्या जुन्या कलम ३२४ च्या (घातक हत्यारानं दुखापत) गुन्ह्यावरून अधीक्षक कार्यालयानं अपात्र ठरवलं. त्या केसमधून तुम्ही निर्दोष सुटला आहात.

उपयोग होऊ शकतो. मी मॅटमध्ये वकिली करतो. अशी फाइल आली की निकालपत्राच्या आधी साक्षांकन नमुना मागतो, म्हणजे पडताळणीसाठी तुम्ही स्वतःची माहिती भरून दिलेला फॉर्म. ‘आपल्यावर कधी गुन्हा दाखल झाला होता का’ या रकान्यात तुम्ही काय लिहिलंय, त्यावर निम्मी केस ठरते. गावात सगळे सांगतात, ‘सुटलास ना, मग नाही लिही.’ हा सल्ला देणारा नंतर तारखेला येत नाही.

खरं लिहिलं असेल तर तुमची बाजू बरीच भक्कम. ‘नाही’ लिहिलं असेल तरी सगळं संपत नाही. अवतार सिंग प्रकरणात (२०१६) सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी सांगितलंय की गुन्हा किरकोळ असेल तर माहिती लपवल्याकडे दुर्लक्ष करता येतं. आणि फॉर्ममधला प्रश्नच मोघम असेल तर लपवलं असं म्हणता येत नाही. म्हणून रकान्याची भाषा शब्दन् शब्द वाचा. त्याच निकालात दुसरी बाजूही आहे: खरं सांगितलं म्हणून नेमणूक द्यायलाच हवी असं नाही, पूर्वचारित्र्य तपासायचा अधिकार खात्याकडे राहतोच.

आता निकालपत्र. ३२४ मध्ये तडजोड चालत नाही, त्यामुळे गावात मिटलं की फिर्यादी साक्षीत ‘आठवत नाही’ म्हणतो आणि आरोपी सुटतो. मेहेर सिंग प्रकरणात (२०१३) अशी सुटका म्हणजे निष्कलंक सुटका नव्हे, हाच मुद्दा दिल्ली पोलिसांनी धरला आणि सुप्रीम कोर्टानं तो मान्य केला. तुमच्या निकालात साक्षीदार फितूर झाले असतील, तर सरकारी वकील पहिल्यांदा तेच पान उघडणार. उलट, पुरावाच नव्हता असं न्यायाधीशांनी लिहिलं असेल तर तो परिच्छेद अर्जात जसाच्या तसा टाका.

अपात्रतेचं पत्र एका ओळीचं आहे का? गुन्ह्याचं स्वरूप, तेव्हाचं तुमचं वय, निकाल यांपैकी कशाचाच विचार त्यात दिसत नसेल तर माझ्या मते तोच तुमचा सर्वांत चांगला मुद्दा.

थेट हायकोर्टात जाऊ नका, आधी मॅट. मुदत साधारण एक वर्षाची, पण तेवढं थांबलात तर प्रतीक्षा यादीतला उमेदवार ट्रेनिंगला गेलेला असेल. अर्जासोबतच एक पद रिक्त ठेवण्याचा अंतरिम आदेश मागा. जिंकलात तरी बहुतेक वेळा हातात थेट नेमणूक पडत नाही, ‘फेरविचार करा’ एवढाच आदेश मिळतो.

दरम्यान दुसऱ्या जिल्ह्याची भरती निघाली तर फॉर्म जरूर भरा, आणि त्या रकान्यात गुन्हा क्रमांकासह सगळं लिहा.