सूत्र कोण?

‘पडद्यावरून बाजूला केले, तर माझे काय उरणार?’ हा प्रश्न वृत्तनिवेदन करणाऱ्यांकडून समुपदेशक म्हणून मी इतक्या वेळा ऐकला आहे की, पहिल्या दोन-तीन शब्दांतच तो ओळखू येतो. कुणाचा स्लॉट, म्हणजे बुलेटिनची ठरलेली वेळ, बदललेला असतो, कुणाच्या शेजारी नवा चेहरा बसवलेला असतो, तर कुणी थेट प्रक्षेपणात एकदा अडखळलेले असते. येथे मांडलेला अनुभव एका निवेदिकेचा आहे. ओळख पटेल असे तपशील मी बदलले आहेत आणि चार महिन्यांच्या बैठका मोजक्या संवादांत आणल्या आहेत.

अकरा वर्षे त्या बातम्या देत होत्या. ‘वाचत होत्या’ असे म्हटलेले त्यांना खपत नसे, आणि ते रास्तच होते. कारण समोर टेलिप्रॉम्प्टरवर ओळी सरकत असताना कानातल्या इअरपीसमधून ‘पाहुण्यांची लाइन तुटली, वीस सेकंद भरा’ असे कंट्रोल रूममधून सांगितले जाते आणि त्याची चाहूल चेहऱ्यावर लागू न देता वाक्य पूर्ण करावे लागते, याला नुसते वाचन म्हणता येत नाही. रात्री नऊचे बुलेटिन काढून घेऊन त्यांना दुपारी दोनचे देण्यात आले, तेव्हापासून त्यांची झोप उडाली. रात्र रात्र त्या स्वतःची जुनी चित्रफीत आणि आजची चित्रफीत समोरासमोर ठेवून डोळ्यांखालच्या रेषा तपासत बसत.

दुसऱ्या बैठकीत माझ्याकडून एक चूक झाली. ‘तुमचा अनुभव तर कुणी हिरावून घेऊ शकत नाही ना?’ असे मी म्हणून गेले. त्या शांतपणे म्हणाल्या, “हे संपादकांनीही सांगितलं होतं, मॅडम. पुढच्याच आठवड्यात स्लॉट काढला.” माझा धीर त्यांनी जागच्या जागी परत केला होता. मीही त्यांना एका फूटपट्टीऐवजी दुसरी फूटपट्टी देत होते: चेहऱ्याने नाही, तर अनुभवाने स्वतःला मोजा.

त्यांची भीती निराधार आहे, असेही सांगता येत नव्हते. अमेरिकेतील क्रिस्टीन क्राफ्ट यांना १९८१ साली निवेदनावरून हटवण्यात आले, तेव्हा प्रेक्षक-पाहणीत त्यांच्या दिसण्यावर आलेले शेरे पुढे करण्यात आले होते. ज्युरीने दोनदा त्यांच्या बाजूने कौल दिला, तरी वरच्या न्यायालयात तो टिकला नाही. या व्यवसायात अन्याय घडतो, हे मान्य करूनच पुढे जायला हवे होते.

पाचव्या बैठकीत त्या पुन्हा म्हणाल्या, “माझं संपलं.” मी विचारले, “हे वाक्य आत्ता ब्रेकिंग न्यूज म्हणून तुमच्यासमोर आले, तर द्याल?”

“लगेच नाही. आधी सूत्र कोण, ते विचारीन.”

“मग विचारा. सूत्र कोण?”

त्या बराच वेळ गप्प राहिल्या आणि मग हसू लागल्या. “मीच. आणि दुजोरा देणारीही मीच.”

“पक्की बातमी काय आहे?”

“नऊचं बुलेटिन गेलं, दोनचं मिळालं. कारण सांगितलेलं नाही.” नकळत त्यांनी हे वाक्य बातमीच्या आवाजात उच्चारले होते. अफवा आणि खातरजमा केलेली बातमी यांतील फरक त्या अकरा वर्षे जगाबाबत पाळत होत्या; स्वतःबाबत तो पाळण्याची गरजच त्यांना कधी वाटली नव्हती. समुपदेशकाने नवी शहाणीव आणून देण्यापेक्षा, माणसाच्या हातात आधीच असलेले हत्यार त्याच्याच प्रश्नावर वळवावे, हे माझे मत त्या दिवशी अधिक पक्के झाले.

मात्र अनेक जण येथेच थांबतात, आणि मला ते पुरेसे वाटत नाही. उद्या दुजोरा मिळाला तर काय? १९५० च्या दशकात विवेकनिष्ठ उपचारपद्धती मांडणाऱ्या मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांचा मी अनेक वर्षे अभ्यास करत आले आहे. ‘मला हवे आहे’ आणि ‘मला मिळालेच पाहिजे’ यांत त्यांनी केलेला भेद मला निर्णायक वाटतो. नऊचे बुलेटिन हवेसे वाटणे स्वाभाविक आहे आणि ते गेल्याचे दुःखही योग्य आहे. पण ‘ते मिळालेच पाहिजे, नाहीतर मी कुणीच नाही’ या मागणीतून जी वेदना निर्माण होते, ती दुःखापेक्षा वेगळी आणि पुष्कळ मोठी असते. निवेदनाला गुण देता येतात, निवेदिकेच्या संपूर्ण माणूसपणाला देता येत नाहीत. पुढच्या सहा बैठका आम्ही या एकाच वाक्यावर घालवल्या, कारण ते पटायला सोपे आणि अंगवळणी पडायला फार अवघड असते.

हीच चिंता असलेल्यांना आणखी एक गोष्ट सांगावीशी वाटते. पडद्यावरच्या व्यक्तीशी प्रेक्षकाचे एकतर्फी, पण जवळिकीचे नाते जुळते, हे हॉर्टन आणि वोल या अभ्यासकांनी १९५६ मध्येच दाखवून दिले होते. अनोळखी माणसे घरच्यासारखी बोलतात ती त्यामुळे, आणि स्लॉट बदलला की ती विसरतात तीही त्यामुळेच. त्यांचे प्रेम खोटे नसते, पण ते ज्या प्रतिमेवर असते, ती प्रतिमा म्हणजे तुम्ही नव्हे. म्हणून प्रतिक्रिया मध्यरात्री वाचू नयेत, संपादकांना बदलाचे कारण थेट विचारावे, आणि वार्तांकन, संपादन, संशोधन यांपैकी कॅमेऱ्यामागचे एक तरी काम हातात ठेवावे. मात्र ते बुडत्याची फळी म्हणून नव्हे, तर कामात रस आहे म्हणून.

त्या निवेदिकेने कारण विचारले; उत्तर गुळमुळीत मिळाले. आता त्या नवोदितांना कानात सूचना येत असतानाही पाहुण्याचे बोलणे कसे ऐकावे, हे शिकवतात. दोनचे बुलेटिन त्यांना आजही आवडत नाही, आणि त्यांनी ते आवडून घ्यावे असे मी कधीही सुचवले नाही.