शेवटचे बारा सेकंद

मुलाच्या फिल्मच्या नादाबद्दलचं तुमचं पत्र त्याच्या मार्कांपासून सुरू होतं, पण खरं दुखणं तिसऱ्या परिच्छेदात आहे. तुमचा बारावीतला मुलगा गर्दीचे, जिन्यांचे, बंद खिडक्यांचे टिपलेले तुकडे लॅपटॉपवर जोडत बसतो. एकटेपणावरची सात मिनिटांची फिल्म, एकही संवाद नाही, सगळी माणसं पाठमोरी. चेहरा दिसतो तो फक्त तुमचा, शेवटचे बारा सेकंद, मोबाइलमध्ये खुपसलेला. ‘मला न विचारता टिपलं’ असं लिहून पुढच्याच ओळीत ‘हे खूळ त्याच्या डोक्यातून काढा’ म्हणता. काळजी असेलच, पण लॅपटॉप कपाटात कुलूपबंद झाला तो त्या बारा सेकंदांच्या रागातून, असं मला वाटतं. लॅपटॉप आधी बाहेर काढा.

एकटेपणावर फिल्म करतो म्हणजे मुलगा खचलाय, असं होत नाही. झोप, जेवण, मित्र यांत फरक पडला असेल तर मानसोपचारतज्ज्ञांकडे जा. पत्रात तसं काही दिसलं नाही.

आता ‘बोलणं नाही, गोष्ट नाही, यात शिकण्यासारखं काय?’ हा तुमचा प्रश्न. संवाद नसले की सगळा भार दृश्यावर आणि कटवर, म्हणजे एक दृश्य कुठे तोडून दुसरं कुठे जोडायचं यावर, येतो. अमेरिकन दिग्दर्शक किंग विडोरच्या ‘द क्राउड’ या मूकपटात (१९२८) कॅमेरा उंच इमारतीवर चढतो, खिडकीतून आत शिरतो, आत टेबलांच्या एकसारख्या रांगाच रांगा, आणि त्यातल्याच एका टेबलाशी नायक. शहरात माणूस कसा हरवतो ते सांगून झालं. सोव्हिएत दिग्दर्शक झिगा व्हेर्तोवने १९२९च्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’मध्ये तर मधल्या मजकुराच्या पाट्याही काढून टाकल्या. त्यात संकलक एलिझावेता स्विलोवा स्वतः फिल्मच्या पट्ट्या निवडताना दिसते. तुमच्या वर्णनावरून मुलाचा ओढा दिग्दर्शनापेक्षा संकलनाकडे असावा. ते भरपूर मेहनतीचं, रोजच्या कामाचं कसब आहे.

प्रवेश परीक्षा आणि पात्रतेचे नियम फिल्म शिकवणाऱ्या संस्थांच्या माहितीपत्रकांत मिळतील, ते त्यानेच शोधावेत. बारावी मात्र नीट करायचीच. मी सांगितलंय म्हणून सांगा.

मला पुन्हा लिहिण्याआधी ती फिल्म त्याच्या शेजारी बसून पाहा, आणि तुमचा शॉट त्याने शेवटीच का ठेवला ते विचारा. तो सांगत असताना मधे बोलू नका.