वाचक विचारतात : ले ग्विनबाईंना पण कथा साभार परत यायच्या का?

प्रश्न : दोन लहान मुलं सांभाळून कथा लिहिते, मासिकांना पाठवते आणि त्या साभार परत येतात. अर्सुला ले ग्विन या सायन्स फिक्शन आणि फँटसी लिहिणाऱ्या अमेरिकन लेखिकेचं नाव सारखं कानावर येतं. त्या पहिल्यापासूनच मोठ्या होत्या का हो?

उत्तर : छे हो! साभार परत तर इतकं की विचारू नका. अकरा वर्षांच्या असताना पहिली कथा ‘अस्टाउंडिंग’ मासिकाला पाठवली, ती परत आली. मग रॅडक्लिफ कॉलेज, 1952 मध्ये कोलंबिया विद्यापीठातून एमए, तेही फ्रेंच-इटालियन साहित्यात, म्हणजे रॉकेटशी दूरदूरचा संबंध नाही. पुढच्या वर्षी फुलब्राइट स्कॉलरशिपवर फ्रान्सला निघाल्या तर ‘क्वीन मेरी’ जहाजावर चार्ल्स ले ग्विन भेटले, इतिहासाचे अभ्यासक, डिसेंबरात पॅरिसमध्ये लग्नसुद्धा झालं आणि पीएचडी राहिली ती राहिलीच. त्यानंतरची बरीच वर्षं ऑर्सिनिया नावाच्या काल्पनिक युरोपियन देशावर कादंबऱ्या लिहिण्यात गेली, एक नाही दोन नाही चांगल्या पाच, आणि एकही प्रकाशक घेईना. धड वास्तववादी नाही, धड फँटसी नाही, मग विकायचं काय म्हणून?

शेवटी 1962 मध्ये ‘फँटॅस्टिक’ या मासिकाने त्यांची ‘एप्रिल इन पॅरिस’ ही कथा छापली. पहिली कादंबरी आली 1966 मध्ये, तोवर तिसरं मूल झालेलं. पोर्टलंडच्या घरात मुलं झोपली की रात्री लिहायला बसायचं असा प्रकार होता. नवऱ्याने घरकामात बरोबरीने हात लावला हे त्या नेहमी सांगायच्या, एकट्या माणसाला दोन फुलटाइम नोकऱ्या झेपत नाहीत पण दोघं मिळून तीन करू शकतात असा त्यांचा हिशोब. मुलं मोठी झाल्यावर टाइमटेबल बदललं : पहाटे साडेपाचला जाग, नुसतं पडून विचार, सव्वासहाला भरपूर नाश्ता, सव्वासातपासून दुपारपर्यंत लेखन, आणि रात्री आठनंतर आपण एकदम मठ्ठ होतो, तेव्हाचं बोलूच नका, असं स्वतःच सांगून ठेवलेलं. तेव्हा पाठवत राहा, आणि घरच्यांनाही कामाला लावा.

प्रश्न : सायन्स फिक्शन म्हणजे यानं, यंत्रं, लेझर. यांच्या पुस्तकात ते फारसं नाहीच, मग ती सायन्स फिक्शन कशी?

उत्तर : सायन्स आहे की, फक्त ते माणसांचं आहे. वडील आल्फ्रेड क्रोबर हे बर्कलीचे नावाजलेले मानववंशशास्त्रज्ञ. आई थिओडोरा यांनी इशीवर पुस्तक लिहिलं, इशी म्हणजे कॅलिफोर्नियातल्या याही लोकांपैकी मागे उरलेला शेवटचा माणूस. घरात अभ्यासकांची आणि मूळनिवासी पाहुण्यांची ये-जा, त्यामुळे आपली रीत हीच एकमेव रीत नाही हे बाईंना लहानपणापासून माहीत. म्हणून त्यांच्या ग्रहावर गेलं की लोक खातात काय, थंडीत घरं कशी बांधतात, मूल कुणाचं मानतात, हे आधी कळतं. ‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’ (1969) मध्ये गेथेन नावाचा बर्फाळ ग्रह आहे, तिथली माणसं कायमची स्त्री किंवा पुरुष नसतातच, महिन्यातले काही दिवस दोन्हीपैकी काहीतरी होतात, त्यामुळे आज जो बाप आहे तो पुढे कुणाची तरी आई होऊ शकतो. आता यावर कुणीही नुसतं लेक्चर झोडलं असतं, पण बाई दोन माणसांना एका स्लेजला जुंपून बर्फाच्या पठारावर सोडतात, अन्न मोजून खायचं, एकाच तंबूत झोपायचं, आणि त्या पानांत जे समजतं ते कुठल्या भाषणात समजणार नाही. ह्यूगो आणि नेब्युला, सायन्स फिक्शनचे हे दोन्ही मोठे पुरस्कार मिळाले. 1974 च्या ‘द डिस्पझेस्ड’ या कादंबरीला परत दोन्ही!

प्रश्न : त्यांनी पुरस्कार नाकारला होता म्हणतात, खरं का?

उत्तर : खरं. अमेरिकन सायन्स फिक्शन लेखकांच्या संघटनेने पोलंडचे लेखक स्टॅनिस्लाव लेम यांचं मानद सदस्यत्व काढून घेतलं, त्याचा निषेध म्हणून 1977 मध्ये बाईंनी आपली कथा नेब्युलाच्या शर्यतीतून मागे घेतली. मग तो गेला आयझॅक अॅसिमॉव्ह यांना.

प्रश्न : त्यांच्या ‘अर्थसी’ या फँटसी मालिकेचा नायक गेड पुस्तकात सावळा आहे, मग चित्रांत आणि टीव्हीवर गोरा का?

उत्तर : कारण विकणाऱ्यांना गोरा हवा होता, दुसरं काय. बाईंनी 1968 मध्ये ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ लिहिताना मुद्दाम बहुतेक माणसं तांबूस-सावळी केली, आणि कव्हरसाठी वर्षानुवर्षं भांडत राहिल्या. 2004 मध्ये टीव्ही मालिकेत गोरा गेड दिसल्यावर तर जाहीर लेख लिहून चांगलंच झापलं. पण मला जास्त आवडतं ते वेगळंच. पहिल्या तीन पुस्तकांत जादूची शाळा फक्त पुरुषांची, बायकांची जादू हलकी, हे बाईंना पुढे खटकायला लागलं. जुनी पुस्तकं दुरुस्त करत बसल्या नाहीत, 1990 मध्ये ‘तेहानू’ लिहिलं, त्याच जगात पण विधवा शेतकरीण आणि भाजलेली पोर यांच्या नजरेने, आणि महान जादूगार गेड तिथे सगळी शक्ती गमावून शेळ्या राखतो. काही चाहते जाम नाराज झाले! मला विचाराल तर सगळ्या मालिकेतलं हेच सगळ्यात धाडसी पुस्तक.

प्रश्न : सुरुवात कुठून करू? वेळ कमी आहे.

उत्तर : ‘द वन्स हू वॉक अवे फ्रॉम ओमेलास’, जेमतेम काही पानांची गोष्ट. ओमेलास हे गोष्टीतल्या शहराचं नाव त्यांना रस्त्यावरच्या सेलम, ऑरेगन या पाटीची अक्षरं उलटी वाचताना सुचलं. ती झाली की अर्थसीची पहिली तीन, मग गेथेनवालं ‘द लेफ्ट हँड ऑफ डार्कनेस’. ‘डिस्पझेस्ड’ सुट्टीत घ्या, त्यात प्रकरणं आळीपाळीने दोन ग्रहांवर आणि दोन काळांत फिरतात, तुकड्यातुकड्यात वाचलंत तर धागा सुटेल.