‘रहस्यपट’ की ‘गूढपट’?

प्रश्न असा आहे : मूकपटांच्या सुरुवातीच्या काळात जे छोटे ‘मिस्ट्री’ चित्रपट निघाले, त्यांना मराठीत ‘रहस्यपट’ म्हणावे की ‘गूढपट’? दोन्ही शब्द एकच ना?

एकच नाहीत. ‘रहस्य’ हा शब्द ‘रहस्’ म्हणजे एकांत यावरून आला. चारचौघांत सांगायची नाही अशी गोष्ट म्हणजे रहस्य. ती निदान एकाला तरी ठाऊक असते, म्हणून तर रहस्य फुटते, फोडता येते. ‘गूढ’ आले ‘गुह्’ म्हणजे लपवणे या धातूवरून. जे झाकलेले आहे ते कुणाला माहीत असेलच असे नाही, आणि ते उकलेलच असेही नाही. आपल्या कानाला हा भेद चांगला कळतो. अर्नाळकरांच्या रहस्यकथा, मतकरींच्या गूढकथा. विशेषणे बदलून पाहा, लगेच खटकेल.

आता चित्रपटांकडे येऊ. १९०० साली अमेरिकेत ‘शेरलॉक होम्स बॅफल्ड’ चित्रित झाला. लांबी जेमतेम अर्धा मिनिट. यंत्राच्या भोकाला डोळा लावायचा, हाताने दांडा फिरवायचा आणि एकट्याने बघायचे, अशी सोय. घरात चोर शिरतो, होम्स समोर आला की अदृश्य होतो, पुन्हा प्रकटतो, आणि शेवटी होम्सच्या हातातली थैलीच नाहीशी होऊन चोराकडे जाते. तो खिडकीतून पसार! कॅमेरा मध्येच थांबवून साधलेली ही करामत. इथे धागादोरा नाही, उलगडा नाही. नायक जगप्रसिद्ध गुप्तहेर असला तरी मी याला रहस्यपट म्हणणार नाही, हा गूढपटच.

अस्सल रहस्यकथेला शेवटी कुणीतरी सगळे समजावून सांगावे लागते. एका रिळात, साधारण १००० फुटांत आणि मोजक्या अक्षरपाट्यांत (म्हणजे दृश्यांमध्ये पडद्यावर येणाऱ्या मजकुरात) ते बसवणे फार कठीण. म्हणून लोइस वेबर आणि फिलिप्स स्मॉली या दिग्दर्शकांनी १९१३ च्या ‘सस्पेन्स’मध्ये वेगळीच वाट धरली. मोलकरीण किल्ली पायपुसण्याखाली ठेवून निघून जाते, हे आपण बघतो. पुढे पडद्याचे तीन त्रिकोण होतात : घरात शिरू पाहणारा भटक्या, फोनवर बाई, दूर कचेरीत नवरा. प्रेक्षकापासून काहीच लपवलेले नाही, तरी जीव टांगणीला.

याला ‘थरारपट’ चालेल, पण थरार क्षणाचा असतो. ‘उत्कंठा’मध्ये उंचावलेला कंठ आहे, मान वर करून पाहिलेली वाट आहे. मी ‘उत्कंठापट’ म्हणेन.