‘हॅम्लेट’ वाचताय? आधी प्रत कोणती ते बघा

मूळ ‘हॅम्लेट’ला पहिल्यांदाच हात घालताय, म्हणून सांगतो. शेक्सपिअरच्या हातची संहिता शिल्लक नाही. आहेत त्या छापील प्रती, त्याही तीन तऱ्हांच्या: १६०३ आणि १६०४-०५ च्या क्वार्टो (छोट्या आकाराची, एकाच नाटकाची पुस्तकं), आणि १६२३ चा फोलिओ (त्याच्या नाटकांचा मोठ्या आकाराचा संग्रह), म्हणजे लेखक जाऊन सात वर्षं झाल्यावरचा.

पहिल्या क्वार्टोत ते गाजलेलं स्वगत ‘टु बी, ऑर नॉट टु बी, आय देअर्स द पॉइंट’ असं सुरू होतं! राजाचा मंत्री पोलोनियस, त्याचंही नाव तिथे कोरॅम्बिस. कुणा नटाने आठवून सांगितलेली ही प्रत, असं पूर्वापार म्हणतात. मला ते पुरतं पटत नाही. पण सुरुवात हिच्यापासून नको.

चौथ्या अंकातलं ‘हाउ ऑल ऑकेजन्स’ हे स्वगत दुसऱ्या क्वार्टोत आहे, फोलिओत गायब. उलट ‘डेन्मार्क म्हणजे तुरुंग’ हा संवाद फोलिओतच. बरेच संपादक दोन्ही एकत्र शिवतात आणि शिवण दिसू देत नाहीत. म्हणून पाठभेदांच्या टिपा असलेली आवृत्तीच घ्या. पहिल्या अंकातल्या स्वगतात ‘फ्लेश’च्या आधीचा शब्द बघा: फोलिओत ‘सॉलिड’, क्वार्टोंत ‘सॅलीड’, आणि काही संपादकांच्या मते ‘सलीड’, म्हणजे मळलेला. तुमच्या पुस्तकात कोणता आहे?