आप्पांना स्क्रीन न बघता कळावं फोन कोणाचा: वेगवेगळ्या रिंगटोन लावताना

भाऊ, तुमचा प्रश्न असा आहे: आप्पा चोपड्याकडच्या मळ्यात असतात, सत्तरी ओलांडलेली, चष्म्याशिवाय स्क्रीन वाचता येत नाही. मुलाचा (म्हणजे तुमच्या धाकट्या भावाचा), केळीच्या व्यापाऱ्याचा आणि पाण्याच्या मोटारीला बसवलेल्या मोबाईल स्टार्टरचा, म्हणजे सिम घातलेल्या यंत्राचा, फोन त्यांना आवाजावरून ओळखू यायला हवा. तुम्ही टोन लावून पाहिल्या, पण काही नावांना तो पर्यायच दिसत नाही, एकाची लावलेली टोन आठ दिवसांत आपोआप जाऊन जुनीच वाजायला लागली, आणि मोटार चालू असली की काहीच ऐकू येत नाही. शिवाय पुण्यातल्या ताईच्या आयफोनवर तीच अहिराणी गाण्याची टोन हवी आहे.

सुरुवातीला एक गोष्ट स्पष्ट करतो, कारण यात पैसे जातात. कॉलर ट्यून वेगळी, रिंगटोन वेगळी. कॉलर ट्यून समोरच्याला ऐकू येते, ती कंपनीच्या नेटवर्कवरून वाजते आणि तिचा आप्पांच्या हँडसेटशी काही संबंध नसतो. ‘आवडतं गाणं लावा, अमुक बटण दाबा’ असा फोन आला की बरेच जण रिंगटोन समजून होकार देतात आणि पुढे दर महिन्याला पैसे कापले जातात. अशी सेवा चुकून चालू झाली असेल, तर १५५२२३ हा ती बंद करण्याचा टोल फ्री नंबर आहे. रिंगटोनला मात्र एक पैसाही लागत नाही.

आता पर्याय का दिसत नाही ते. ते नंबर सिमकार्डावर सेव्ह केलेले असणार. सिमवर फक्त नाव आणि नंबर एवढीच जागा असते, टोन कुठली हे लिहून ठेवायला तिथे खण नसतो. म्हणून आधी नंबर फोनमध्ये किंवा गूगल खात्यात आणा. गूगलच्या कॉन्टॅक्ट्स ॲपमध्ये खाली ‘ऑर्गनाईज’ आहे (जुन्या आवृत्तीत ‘फिक्स अँड मॅनेज’), तिथे ‘इम्पोर्ट फ्रॉम सिम’ सापडेल. एकदा इम्पोर्ट झालं की सिमवरची जुनी नोंद काढून टाका. हे लोक विसरतात, मग एकाच नंबरच्या दोन नोंदी राहतात, टोन एकीला लागलेली असते आणि फोन आला की हँडसेट दुसरीच नोंद उचलतो. ‘लावली तरी वाजत नाही’ या तक्रारीच्या मुळाशी पुष्कळदा हीच दुहेरी नोंद असते. व्यापाऱ्याचे दोन-तीन नंबर असतील तर ते एकाच नावाखाली घाला, म्हणजे कुठल्याही नंबरवरून फोन आला तरी टोन तीच.

मग त्या नावावर जा, वरचे तीन ठिपके दाबा, ‘सेट रिंगटोन’. सॅमसंगच्या स्वतःच्या कॉन्टॅक्ट्स ॲपमध्ये रस्ता थोडा वेगळा आहे: नाव उघडा, ‘एडिट’, ‘व्ह्यू मोअर’, खाली ‘रिंगटोन’. बाकी सगळ्यांसाठीची टोन सेटिंगमधल्या ‘साउंड’ विभागात मिळते, आणि दोन सिमच्या बहुतेक फोनमध्ये तिथे दोन्ही सिमला वेगळी टोन देता येते.

लावलेली टोन आपोआप का जाते, याचं कारण नीट समजून घ्या, म्हणजे पुन्हा त्रास होणार नाही. तुम्ही टोन निवडता तेव्हा फोन त्या गाण्याची वेगळी प्रत काढून ठेवेलच असं नाही. बहुतेक वेळा तो नावापुढे फक्त त्या फाईलचा मीडियाच्या यादीतला क्रमांक लिहून ठेवतो. फाईल पुसली, हलवली, किंवा ती मेमरी कार्डावर होती आणि कार्ड काढून पुन्हा घातलं, तर तो क्रमांक कुठेच पोचत नाही आणि फोन मूळ टोनवर परततो. तुमच्या बाबतीत टोन व्हॉट्सॲपवर आलेल्या ऑडिओवरून थेट लावली होती असं लिहिलंय. कोणीतरी जागा करायला व्हॉट्सॲपचा मीडिया साफ केला असेल, त्यात तीही गेली.

उपाय सोपा आहे. फोनच्या इंटर्नल स्टोरेजमध्ये ‘रिंगटोन्स’ नावाचं फोल्डर असतं. फाईल्स ॲपमध्ये गाण्यावर बोट दाबून धरा, ‘कॉपी टू’ निवडा, इंटर्नल स्टोरेज, मग ‘रिंगटोन्स’. या फोल्डरमधल्या फाईलला अँड्रॉइड आपणहून रिंगटोन समजतो आणि ती निवडीच्या यादीत दिसायला लागते. शेजारी ‘नोटिफिकेशन्स’ आणि ‘अलार्म्स’ ही फोल्डरंही असतात, त्यात चुकून टाकलीत तर ती मेसेजच्या किंवा गजराच्या यादीत जाईल. फाईलला नाव मात्र ओळखीचं द्या, ‘धाकला’, ‘लाईट’, ‘व्यापारी’ असं. मेमरी कार्डावर टोन ठेवूच नका. फोन चालू होताना कार्ड उशिरा वाचलं गेलं तरी टोन बदलते.

रील डाऊनलोड करून त्यावरून टोन लावायचा प्रयत्न बरेच जण करतात. ती व्हिडिओ फाईल असते, टोनच्या यादीत दिसणार नाही, आधी आवाज वेगळा काढावा लागतो. व्हॉइस नोटचंही तसंच, ती ओपस प्रकारची असते आणि तिचं फोल्डर मीडियाच्या यादीत येत नाही. एमपीथ्री, एमफोरए, ओजीजी, डब्ल्यूएव्ही यांपैकी काही हातात असलं की झालं.

आता खरं काम, टोन कापण्याचं. ट्राय या दूरसंचार नियामक संस्थेने २०१९ मध्ये ठरवून दिल्याप्रमाणे मोबाईलवर फोन उचलला नाही तर रिंग ३० सेकंद वाजते, लँडलाईनवर ६०. म्हणजे चार मिनिटांचं गाणं टाकून उपयोग नाही, आप्पांच्या कानावर पहिली तीसच सेकंदं पडणार. त्यातही माणूस ओळखतो तो पहिल्या दोन-तीन सेकंदांत. आखाजीचं (अक्षय्य तृतीयेचं) झोक्यावरचं गाणं असो की खान्देशातल्या कानबाई देवीचं, आधी वाद्य, मग थोडी शांतता, मग बाई गायला लागते. कापायचं ते बाईच्या पहिल्या शब्दापासून. सुरुवातीची शांतता पूर्ण काढा, एक सेकंदही ठेवू नका. आवाज हळूहळू चढवणारा लांबलचक ‘फेड इन’ देऊ नका, खट्‌ असा आवाज येऊ नये म्हणून सेकंदाचा दहावा हिस्सा पुरतो. लांबी २० ते २५ सेकंद ठेवा. रिंग चालू असेपर्यंत ती फिरून पुन्हा वाजते, म्हणून शेवट अर्ध्या शब्दावर तोडू नका, ओळ संपली तिथे थांबवा.

संगणक हाताशी असेल तर ऑडासिटी हे फुकट सॉफ्टवेअर यासाठी उत्तम. हवा तेवढा तुकडा निवडा, बाकी काढा. मग ‘कम्प्रेसर’ लावा, त्याने बारीक आणि मोठ्या आवाजातला फरक कमी होतो. त्यानंतर ‘नॉर्मलाइज’ करून वरची पातळी उणे १ डेसिबलवर आणा. ‘अजून मोठा हवा’ म्हणून याच्या पुढे ढकललंत तर आवाज फाटतो, छोट्या स्पीकरवर तो नुसता खरखरतो आणि शब्द कळत नाहीत. १२८ केबीपीएसवर एमपीथ्री काढा, २५ सेकंदांची फाईल ४०० केबीच्या आसपास होईल. फोनवरच कापायचं असेल तर साधं ट्रिम करणारं ॲप घ्या. त्यातून थेट टोन लावायची तर ‘मॉडिफाय सिस्टीम सेटिंग्ज’ ही परवानगी ते मागेल, ती ठीक आहे. पण टोन कापणारं ॲप मेसेज वाचायची परवानगी मागत असेल तर ते तिथेच काढून टाका, त्याला त्याची गरजच नाही.

मोटारीच्या आवाजात टोन ऐकू येत नाही, त्याचं कारण बहुतेक वेळा फोनचा आवाज कमी असणं हे नसून टोनची निवड हे असतं. मोबाईलचा स्पीकर नखाएवढा, त्यातून ढोलाचा घुमारा बाहेर येतच नाही. खालचे स्वर तो गिळतो आणि जे थोडे उरतात ते मोटारीच्या घरघरीत बुडतात, कारण ती घरघरही खालच्याच स्वरात असते. तरण्या माणसाचा कान २ ते ४ हजार हर्ट्‌झच्या आसपास सगळ्यात तिखट असतो, त्यामुळे त्याला सनई, पिपाणी, झांज लगेच ऐकू येते. पण वय झालं की आधी वरचेच स्वर जातात. म्हणून आप्पांना पक्ष्याच्या चिवचिवाटासारखी किंवा बारीक किणकिण करणारी टोन देऊ नका. त्यांच्यासाठी मधली पट्टी, साधारण ५०० ते २००० हर्ट्‌झ, म्हणजे स्वच्छ बोललेला किंवा गायलेला माणसाचा आवाज, सायकलची घंटी नको, देवळातली घंटा चालेल. आणि सलग सुरापेक्षा तुटक आवाज बरा: एक ठोका, थोडी विश्रांती, पुन्हा ठोका. मोटार सलग चालते, त्यात मध्येच तुटणारा आवाज कानाला वेगळा लागतो.

यावरूनच सांगतो, तुमच्या धाकट्या भावासाठी गाणं नकोच. फोनच्या रेकॉर्डरमध्ये घरातल्याच कोणाच्या तरी आवाजात म्हणवून घ्या: ‘आप्पा, धाकलाना फोन उना’ (धाकट्याचा फोन आला). दीड-दोन सेकंदांत होतं, मग एक सेकंद थांबून पुन्हा तेच, असं चार वेळा. तोंड फोनपासून वीतभर लांब, पंखा बंद, आणि ओरडून नाही, ठासून म्हणायचं. आपल्या बोलीतलं वाक्य, ओळखीचा आवाज, यापेक्षा लवकर ओळखू येणारी टोन दुसरी नाही.

मोबाईल स्टार्टरला मात्र सगळ्यात वेगळी टोन द्या. रात्री लाईट आली की तो यंत्रातल्या सिमवरून फोन करतो, त्यामुळे आधी त्या सिमचा नंबर ‘लाईट’ नावाने सेव्ह करा. इथे मोठ्या घंटेचे तुटक ठोके चांगले, कारण झोपेतून जागं करायचंय. वेगळ्या टोन चार-पाचांच्या वर नेऊ नका. घरचे, लाईट, व्यापारी, दवाखान्याला नेणारा शेजारी, एवढं पुष्कळ झालं. दहा टोन लावल्या की कुठली कोणाची हेच लक्षात राहत नाही. अनोळखी नंबरांना फोनची मूळ साधी टोन राहू द्या, ती वाजली की उठायची घाई नाही हे आप्पांना आठवड्याभरात कळेल.

रात्री ‘डू नॉट डिस्टर्ब’ लावत असाल तर ‘लाईट’ आणि घरच्यांना चांदणी देऊन ‘स्टार्ड कॉन्टॅक्ट्स’चे फोन येऊ द्या असं ठेवा, नाहीतर टोन कितीही चांगली असो, फोन गप्प राहील. तिथेच ‘रिपीट कॉलर्स’ आहे, तेही चालू ठेवा: त्याच माणसाने १५ मिनिटांत दुसऱ्यांदा फोन केला तर तो वाजतो.

व्हॉट्सॲप कॉलला यातली कुठलीच टोन लागू होत नाही, हे ध्यानात घ्या. त्याची सोय त्याच्याच आत आहे: त्या माणसाची चॅट उघडा, वर नावावर दाबा, ‘नोटिफिकेशन्स’, ‘यूज कस्टम नोटिफिकेशन्स’, आणि खाली कॉलसाठी ‘रिंगटोन’. तीच फाईल तिथेही द्या.

गूगलच्या फोन ॲपच्या सेटिंगमध्ये ‘कॉलर आयडी अनाउन्समेंट’ असेल तर ते ‘ऑलवेज’वर ठेवा, फोन आला की नाव बोलून दाखवतं. मळ्यात आवाज कमी पडेल, पण घरात उपयोगी आहे.

स्पीकरची जाळीही एकदा बघा. खालच्या कडेला, चार्जिंगच्या शेजारी बारीक भोकं असतात. बंडीच्या खिशात त्यात धूळ, कापसाचे तंतू बसतात आणि आवाज निम्म्यावर येतो. कोरड्या मऊ टूथब्रशने हलकेच झाडा, टाचणी घालू नका, आतला पडदा फाटतो. खिशात फोन उलटा, म्हणजे चार्जिंगची बाजू वर करून ठेवायला सांगा, एवढ्यानेही बराच फरक पडतो.

ताईच्या आयफोनवर आयओएस २६ असेल तर काम सोपं झालंय: ३० सेकंदांच्या आतली एमपीथ्री किंवा एमफोरए ‘फाईल्स’मध्ये सेव्ह करा, ‘शेअर’ दाबा, ‘यूज ॲज रिंगटोन’. जुन्या आयओएसवर ॲपलच्याच गॅरेजबँड ॲपमधून जावं लागतं. नवीन ‘ऑडिओ रेकॉर्डर’ ट्रॅक घ्या, ट्रॅक्सच्या दृश्यात या, लूपच्या खुणेतून ‘फाईल्स’मधलं गाणं ओढून आणा, ‘माय साँग्ज’वर परत जा, त्या गाण्यावर बोट दाबून धरा, ‘शेअर’, ‘रिंगटोन’, ‘एक्स्पोर्ट’. यात दोन ठिकाणी गाडी अडते. मेट्रोनोमची टिकटिक बंद करा. आणि गाण्याची जागा मुळात ८ बारची (एक बार म्हणजे चार ठोके) असते, मिनिटाला १२० ठोक्यांच्या नेहमीच्या गतीला ती १६ सेकंदांत संपते, म्हणून गाणं मध्येच तुटतं. उजवीकडच्या अधिकच्या खुणेवर जाऊन ‘सेक्शन ए’ला ‘ऑटोमॅटिक’ करा. एखाद्याच नावाला लावायची तर कॉन्टॅक्ट, ‘एडिट’, ‘रिंगटोन’. त्याच पानावर ‘इमर्जन्सी बायपास’ आहे, ते आप्पांच्या नावाला चालू केलं तर फोन सायलेंटवर असला तरी आप्पांचा फोन वाजेल.

सगळं लावून झालं की दुसऱ्या फोनवरून एकेक फोन करून बघा, मोटार चालू ठेवून, आप्पांचा फोन खिशात असताना आणि ते वीस पावलं लांब केळीत असताना. जी टोन तिथे ओळखू आली नाही ती बदला. फोन पुढे बदलाल तेव्हा नावं गूगल खात्यातून येतील, नावांना लावलेल्या टोन येतीलच असं नाही, तेव्हा ‘रिंगटोन्स’ फोल्डरमधल्या चार-पाच फाईली तुमच्या फोनमध्येही कॉपी करून ठेवा.