27 आठवड्यांचं बाळ आणि ऑक्सिजनची ‘सवय’

वयाने मोठी आहे म्हणून सरळ अगं-तुगं करते, राग मानू नकोस. नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात 24 वर्षं सिस्टर होते, आता निवृत्त आहे.

तुझ्या लांबलचक प्रश्नातलं मुद्द्याचं तेवढं परत मांडते. मुलगा, गरोदरपणाच्या 27 आठवड्यांनाच जन्मलेला, 840 ग्रॅम. तुझं बीपी भडकलं म्हणून तातडीने सिझर, त्यामुळे डेक्झाच्या (बाळाची फुप्फुसं लवकर तयार व्हावीत म्हणून आईला देतात त्या स्टेरॉइडच्या) चार इंजेक्शनांपैकी दोनच झाली. 9 दिवस व्हेंटिलेटर, मग सीपॅप (नाकातून दाबाने हवा देणारं यंत्र), तिसऱ्या आठवड्यात सेप्सिस, म्हणजे रक्तात जंतुसंसर्ग, आणि पुन्हा 4 दिवस व्हेंटिलेटर. आज तो आठ आठवड्यांचा, म्हणजे गरोदरपणाच्या हिशेबाने 35, आणि नाकातल्या नळीवर 28 टक्के ऑक्सिजन. डॉक्टर बीपीडी म्हणाले, म्हणजे ब्रॉन्कोपल्मनरी डिस्प्लेझिया, अपुऱ्या दिवसांच्या बाळांचा फुप्फुसांचा लांबलेला आजार. सासूबाई म्हणतात ऑक्सिजनची सवय लागली. आणि तू विचारतेस, हे नेमकं कशामुळे झालं, माझं काय चुकलं?

सगळ्यात मोठं कारण तो 27 चा आकडाच. त्या वेळी बाळाच्या फुप्फुसात खरे वायुकोश नसतातच, नुसत्या जाड भिंतींच्या पिशव्या असतात. वायुकोश भराभर फुटायला लागतात ते साधारण 36 आठवड्यांच्या सुमाराला. मोठ्या माणसात ते 30 कोटींच्या पुढे असतात आणि त्यातले बहुतेक जन्मानंतर, पहिल्या दोन-तीन वर्षांत तयार होतात. तुझ्या बाळाचं म्हणजे स्लॅबचं सेंटरिंग काढायच्या आत वर बिऱ्हाड थाटावं लागलं. म्हणून 28 आठवड्यांच्या आतल्या बाळांत बीपीडी नेहमीचा, आणि 32 च्या पुढे विरळा.

बाकीची कारणं या एकावर चढत जातात. वजन कमी, तेवढा धोका जास्त. मुलगा असणं हेही एक कारण आहे बरं का. मुलगा झाला म्हणून बाहेर पेढे वाटले जायचे आणि आत आम्हाला माहीत असायचं की त्याच वजनाच्या मुलीची फुप्फुसं त्याच्यापेक्षा लवकर सावरतील.

तुझं बीपी. प्रीएक्लॅम्प्सियात, म्हणजे गरोदरपणात बीपी भडकण्याच्या आजारात, वारेतून आईच्या रक्तात असे पदार्थ सुटतात जे नव्या रक्तवाहिन्यांची वाढ रोखतात. वायुकोश आणि रक्तवाहिन्या एकमेकांच्या आधाराने वाढतात, त्यामुळे एकाची वाढ खुंटली की दुसऱ्याचीही खुंटते. यात तू जास्त मीठ खाल्लंस का, नोकरी सोडली नाहीस का, याचा काही संबंध नाही. आणि त्या राहिलेल्या दोन डोसांवरून रडू नकोस. त्या इंजेक्शनांनी जन्मानंतरचा श्वासाचा त्रास आणि मृत्यू कमी होतात हे पक्कं आहे, पण बीपीडीवर त्यांचा तितका ठळक परिणाम दिसत नाही. डॉक्टर थांबले असते तर तुझ्याच जिवावर बेतलं असतं.

आता ऑक्सिजन. यावर जरा सविस्तर लिहिते, कारण सासूबाई पूर्ण चुकीच्या नाहीत आणि पूर्ण बरोबरही नाहीत.

हा आजार पहिल्यांदा नीट वर्णन केला तो 1967 साली, अमेरिकेत स्टॅनफर्डच्या नॉर्थवे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी. तेव्हा सर्फॅक्टंट (फुप्फुसं मिटू नयेत म्हणून देतात ते औषध) नव्हतं, व्हेंटिलेटर राकट होते आणि बाळांना दिवसच्या दिवस 80 ते 100 टक्के ऑक्सिजन मिळत होता. त्या बाळांच्या फुप्फुसांना अक्षरशः व्रण पडले. म्हणजे ऑक्सिजन इजा करतो हे खरंच. खोलीतल्या हवेत तो 21 टक्के असतो. त्याच्या वर तो औषध आहे आणि औषधासारखाच मोजून द्यायचा. मी नोकरीला लागले तेव्हा आमच्याकडे ब्लेंडर (हवा आणि ऑक्सिजन हव्या त्या प्रमाणात मिसळणारं यंत्र) नव्हता. सिलिंडरचा ऑक्सिजन थेट हेडबॉक्समध्ये (बाळाच्या डोक्याभोवतीच्या पारदर्शक पेटीत) सोडायचा आणि सॅच्युरेशनचं, म्हणजे रक्तातला ऑक्सिजन मोजायचं, एकच यंत्र सगळ्या बाळांना आळीपाळीने लावायचं. पुढे ब्लेंडर आले, तसा आमचा हातही आखडला. नातेवाईक काचेतून बघून खूश व्हायचे, ‘सिस्टर, शंभर दाखवतंय!’ आणि मी धावत जाऊन ऑक्सिजन कमी करायची. ऑक्सिजन चालू असलेल्या बाळाचं सॅच्युरेशन साधारण 90 ते 95 मध्ये हवं. खूप खालीही चालत नाही: 85 ते 89 ठेवून मोठे अभ्यास झाले, त्यात अपुऱ्या दिवसांच्या बाळांना होणारा डोळ्यांच्या पडद्याचा आजार कमी झाला पण मृत्यू वाढले.

व्हेंटिलेटरचंही तसंच. जीव त्यानेच वाचला, आणि कोवळ्या पिशव्या दर श्वासाला ताणल्या गेल्या त्याही त्यानेच. म्हणूनच व्हेंटिलेटरची नळी लवकर काढून सीपॅपवर आणायची सगळ्यांची धडपड असते, आणि म्हणूनच बाळाला कॅफीन देतात. श्वास घ्यायला विसरू नये म्हणून दिलेल्या या औषधाने बीपीडीचं प्रमाणही कमी होतं, हे 2006 च्या मोठ्या चाचणीत दिसलं. तुझ्या बाळाचा घात मात्र बहुधा सेप्सिसने केला असावा. जंतू रक्तात, सूज फुप्फुसात, वर पुन्हा व्हेंटिलेटरची नळी. माझ्या डोळ्यांसमोर सीपॅपवरून उतरत आलेली कितीतरी बाळं याच वळणाने मागे गेली आहेत. हृदयाजवळची पीडीए (जन्मानंतर बंद व्हायला हवी ती रक्तवाहिनी) उघडी राहणं, सलाईन जास्त होणं, वजन न वाढणं हीही कारणं आहेत. पीडीएबद्दल तू काही लिहिलं नाहीस, विचारून घे.

आता ‘सवय’. ती दारूची लागते, तंबाखूची लागते. ऑक्सिजन आज काढला तर फुप्फुस हट्ट सोडून कामाला लागेल असं होत नाही. कमी ऑक्सिजनमध्ये फुप्फुसातल्या रक्तवाहिन्या आवळतात, हृदयाच्या उजव्या बाजूवर ताण येतो आणि बाळाची ताकद श्वासातच जाते, वजन तिथल्या तिथे राहतं. वजन वाढलं नाही तर नवे वायुकोश कुठून येणार? सासूबाईंना हे असंच सांग. वाटल्यास त्यांना एकदा राउंडच्या वेळी आत घेऊन जा, डॉक्टरांच्या तोंडून ऐकलेलं जास्त पटतं.

तुझ्या हातात आहे ते दूध. स्वतःचं काढत राहा, कमी आलं तरी. आईच्या दुधावरच्या बाळांना या आजाराचा धोका कमी असतो. त्यात पावडर मिसळायला सांगितली तर तुझं दूध निकस आहे असं समजू नकोस, या बाळांना कॅलरी आणि प्रोटीन जास्तच लागतात. कांगारू पद्धतीने छातीशी घ्यायला नळी आड येत नाही, सिस्टर मदत करतील.

घरी गेल्यावर एका गोष्टीवर मात्र भांडायची तयारी ठेव: धुरी. अंघोळीनंतर ओवा, वावडिंग, शेगडी, हे आपल्याकडे प्रेमानेच होतं, पण या फुप्फुसांना ते अजिबात नको. डासांची कॉइल, अगरबत्ती, देवघरातला धूप, चूल, सिगारेट, सगळं बंद. तेलमालीश होऊ दे, आजीलाही हातात काहीतरी हवं असतं. बारशाची गर्दी पुढे ढकला. सर्दी झालेला माणूस सख्खा मामा असला तरी दारातूनच परत. लसी जन्मतारखेनुसार वेळेवर, सहा महिन्यांनंतर फ्लूची, आणि घरातल्या मोठ्यांनीही ती घ्यावी. डोळ्यांची तपासणी आतापर्यंत झालेली असायलाच हवी, नसेल तर उद्याच विषय काढ.

पुढच्या आठवड्यात गरोदरपणाच्या हिशेबाने 36 आठवडे पूर्ण होतील. त्या दिवशी नळीतून किती लिटर आणि किती टक्के चालू आहे ते वहीत लिहून ठेव, कारण आजार सौम्य, मध्यम की तीव्र हे त्यावर ठरतं. एक जुनी मोजपट्टी टक्क्यांवर आहे: 30 च्या खाली मध्यम, वर तीव्र. नवी 2019 ची आहे, ती श्वासाला आधार कसला लागतो (साधी नळी, सीपॅप की व्हेंटिलेटर) ते बघते. त्यामुळे दोन डॉक्टर दोन शब्द वापरतील, घाबरू नकोस. फुप्फुसातल्या रक्तवाहिन्यांतला दाब बघायला एको (हृदयाची सोनोग्राफी) केला का, तेही विचार. आणि ऑक्सिजनसकट घरी सोडणार असतील तर कॉन्सन्ट्रेटर (हवेतून ऑक्सिजन वेगळा करणारं विजेवरचं यंत्र) आधी वॉर्डातच एक रात्र चालवून बघायला माग. वीज गेली तर काय करायचं, हे तिथेच ठरवून निघ.